नागपूरच्या वकिलांना खुले पत्र : उपद्रवाचे दावे परत पाठवू नका

आदरणीय वकीलसाहेब आणि वकील भगिनींनो,

सप्रेम नमस्कार.

मी नागपूरच्या महाल भागात राहते. एकतीस वर्षं शाळेत मराठी शिकवलं, आता निवृत्त आहे. कोर्टाची पायरी चढायची वेळ बासष्टाव्या वर्षी आली. त्या निमित्ताने जे पाहिलं आणि वाचलं, ते तुमच्यापुढे ठेवायला हे पत्र लिहिते आहे. माझी तक्रार कोर्टाबद्दल नाही, तुमच्याबद्दल आहे. आणि ती आपुलकीने करते आहे, कारण मला शेवटी सोडवलं तेही तुमच्यातल्याच एकीने.

आमचं घर वरच्या मजल्यावर. भिंतीला भिंत लागून शेजाऱ्यांचं मसाल्याचं दुकान, वडिलांच्या काळापासूनचं. मुलाने धंदा हाती घेतला आणि मागच्या खोलीत विजेवर चालणारी दोन कांडप यंत्रं बसवली. हा मुलगा माझाच विद्यार्थी, कष्टाळू, तोंडाने गोड. पण फेब्रुवारी लागला की भिवापुरी मिरचीची पोती उतरायला सुरुवात होते, आणि अख्ख्या महालाचं वर्षाचं तिखट तिथे कांडलं जातं, सकाळी सातपासून रात्री दहा-साडेदहापर्यंत. भिंत थरथरते, ताटाळ्यातली ताटं वाजतात, आणि धूळ वर येते.

या धुळीबद्दल जरा सविस्तर सांगते, कारण पुढचा सगळा कायदा तिच्यावरच उभा आहे. नागपूरच्या उन्हाळ्यात कूलरशिवाय घरात बसता येत नाही हे तुम्हाला सांगायला नको. कूलर खिडकीत बसवलेला असतो, तो बाहेरची हवा ओढतो. आमच्या कूलरने बाहेरची मिरची ओढली. एप्रिलमध्ये खसची ताटी काढून पाहिली तर तिच्या बाहेरच्या बाजूला लाल थर होता, ओला होऊन कुंकवासारखा चिकटलेला. कूलर लावला की सासूबाईंना खोकल्याची उबळ यायची, बंद केला की त्या घामाने निथळायच्या. त्यांचं वय ८४. दोन उन्हाळे आम्ही ओला पंचा खिडकीला बांधून काढले. तो पंचा मी रोज रात्री पिळायची आणि पाणी लालसर यायचं.

शेजाऱ्याशी बोलले. "बाई, सीझनचे तीनच महिने आहेत, सांभाळून घ्या," असं तो म्हणाला. पोलीस चौकीत गेले, तिथे "आपसात मिटवा" म्हणाले. महापालिकेच्या झोन कार्यालयात अर्ज दिला, पोच मिळाली. मग वकिलांकडे गेले.

पहिल्या वकीलसाहेबांनी माझं बोलणं पूर्ण ऐकलं आणि सांगितलं, दिवाणीत गेलात तर नातवंडं तारखा करतील. दुसऱ्यांनी फौजदारी तक्रार टाकून दबाव आणू म्हटलं. मला दबाव आणायचा नव्हता. तिसरे वयाने मोठे, नावाजलेले. मी घाबरत विचारलं की साहेब, शेजाऱ्याच्या त्रासावर कायदा आहे असं ऐकलंय, अपकृत्य का काय म्हणतात तो. ते म्हणाले, "टॉर्ट? बाई, ते आम्ही परीक्षेपुरतं शिकतो."

टॉर्ट म्हणजेच अपकृत्य: दुसऱ्याला नुकसान किंवा त्रास पोचवणारं चुकीचं वागणं, ज्यावर दिवाणी न्यायालयात भरपाई किंवा मनाई मागता येते; शेजाऱ्याचा असा त्रास म्हणजे उपद्रव. हे पत्र खरं तर त्या एका वाक्यामुळे लिहिते आहे. त्या साहेबांच्या मनात माझा अपमान करायचं काहीच नव्हतं. जे त्यांनी रोज पाहिलं तेच ते बोलले. पण मी आयुष्यभर मुलांना शिकवलं. परीक्षेपुरतं शिकलेल्या गोष्टीचं काय होतं ते मला माहीत आहे.

चौथ्या वकील वयाने माझ्या धाकट्या मुलीएवढ्या. त्यांनी आधी फीबद्दल नाही, खिडकीबद्दल विचारलं. ती कोणत्या दिशेला आहे? यंत्र किती वाजता सुरू होतं? आठवड्यातून किती दिवस? आणि मग एक प्रश्न विचारला जो मला तेव्हा टोचला होता: सासूबाई सोडून दुसऱ्या कोणाला त्रास होतो का?

मला वाटलं, आजारी म्हातारीचा त्रास यांना पुरेसा वाटत नाही. त्यांनी शांतपणे समजावलं. १८८९ साली इंग्लंडमध्ये एका इमारतीत वरच्या मजल्यावर तपकिरी कागदाचा साठा होता आणि तळघरातल्या मालाला कोरडी, गरम हवा लागायची. त्या उष्णतेने वरचा कागद खराब झाला. कागदवाल्याने दावा केला, तो हरला. कारण तो कागदच फार नाजूक होता, साध्या मालाला त्या उष्णतेने काही झालं नसतं. रॉबिन्सन विरुद्ध किल्व्हर्ट. उपद्रव मोजायचा तो सर्वसाधारण माणसाच्या मापाने. म्हणून दाव्यात सासूबाईंचा दमा पुढे करायचा नाही. नागपुरातल्या कोणत्याही सर्वसाधारण कुटुंबाला उन्हाळ्यात खिडकी उघडून कूलर लावता आला पाहिजे, आणि तो लावता येत नाही, एवढंच मांडायचं. दमा त्याच्या मागे येतो.

मराठीच्या शिक्षिकेला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं की कायद्यातही नेमका शब्द निवडावा लागतो.

त्यांनी मला वाचायला निकालांच्या झेरॉक्स दिल्या. इंग्रजी अवघड होतं, पण डिक्शनरी घेऊन बसले. त्यातल्या एका दाव्याने तर मी थक्क झाले. लंडनमध्ये एक मिठाईवाला होता. स्वयंपाकघरात त्याचे दोन मोठे खल, वीस वर्षांहून जास्त काळ त्यात कुटणं चालू. शेजारी एक डॉक्टर राहायला आले. त्यांनी बागेच्या टोकाला, त्या स्वयंपाकघराच्या भिंतीला लागून रुग्ण तपासायची खोली बांधली. कुटण्याच्या आवाजात छाती तपासता येईना. मिठाईवाला म्हणाला, मी आधीपासून इथे आहे, तुम्ही नंतर आलात. १८७९ साली न्यायालयाने डॉक्टरांना मनाई हुकूम दिला. आधीपासून कुटतोय म्हणून शेजाऱ्याला त्रास द्यायचा हक्क मिळत नाही, कारण तो त्रास ज्या दिवशी खरोखर उपद्रव झाला त्या दिवसाआधी त्यावर दावाच करता आला नसता. स्टर्जेस विरुद्ध ब्रिजमन. त्या निकालात असंही सांगितलं आहे की श्रीमंत वस्तीत जो उपद्रव ठरेल तो कारखान्यांच्या वस्तीत ठरेलच असं नाही, वस्तीचा पोत पाहावा लागतो. आमची वस्ती दुकानांची. म्हणून मला श्रीमंत वस्तीतली शांतता मागायची नव्हती. महालात गजबज असणारच, ती मला हवीही आहे.

मग भारतातले निकाल. १९७८ चा अलाहाबाद उच्च न्यायालयाचा आटाचक्कीचा निकाल: वस्ती आधीच गोंगाटाची असली तरी त्यात भरीव भर पडली तर तोही उपद्रवच. आणि १९८२ चा, त्याच न्यायालयाचा. एका डॉक्टरांच्या दवाखान्याजवळ विटा दळायचं यंत्र बसवलं होतं, धूळ दवाखान्यात येत होती, कपड्यांवर पातळ लाल थर बसत होता. न्यायालयाने ते यंत्र बंद करायला लावलं. हे वाचताना मी उठून खिडकीशी गेले आणि चौकटीवरून बोट फिरवलं.

आमच्याच देशातल्या, आमच्याच चक्क्यांचे आणि विटांचे हे निकाल. मग ते परीक्षेपुरते का राहिले?

दावा जानेवारीत दाखल झाला. कायम मनाईचा, आणि सोबत निशाणी ५ चा अर्ज, तूर्तातूर्त मनाईसाठी, म्हणजे दाव्याचा निकाल लागेपर्यंतच्या मनाईसाठी. प्रतिवादीच्या, म्हणजे शेजाऱ्याच्या, वकिलांनी कैफियतीत, म्हणजे लेखी उत्तरात, लिहिलं की यंत्रं सहा वर्षांपासून आहेत, बाई इतकी वर्षं गप्प होत्या, दावा मुदतबाह्य आहे. आमच्या वकिलांनी १९६३ च्या मुदत कायद्याचं कलम २२ दाखवलं: अपकृत्य जोवर चालू आहे तोवर मुदत क्षणाक्षणाला नव्याने सुरू होते. रोज यंत्र फिरतं, रोज नवा दावा जन्मतो.

न्यायाधीशांनी जागेच्या पाहणीसाठी कोर्ट कमिशनर नेमला. ते तरुण वकील मार्चमधल्या एका मंगळवारी सकाळी दहाला घरी आले. चहा घेतला नाही, ते मला आवडलं. त्यांनी माझ्याकडे दोन पांढऱ्या बशा मागितल्या. एक कूलरसमोर ठेवली, दुसरी मागच्या खोलीत, जिथे त्या बाजूची खिडकी नाही. दोन्ही पक्षांच्या सह्या घेतल्या. दुपारी एकला त्यांनी पहिल्या बशीत बोट फिरवलं, मागे पांढरी रेघ उमटली आणि बोट लाल झालं. दुसरी बशी स्वच्छ होती. तोपर्यंत ते स्वतः तीन-चार वेळा बाल्कनीत जाऊन खोकून आले होते. अहवालात त्यांनी खोकला लिहिला नाही, बशा लिहिल्या. दीड पानाचा अहवाल, साधी मराठी. इतकं नेमकं लिखाण मी कमी वाचलं आहे.

मार्चअखेरीस हुकूम झाला. न्यायाधीशांनी दुकान बंद केलं नाही. यंत्र सकाळी दहा ते संध्याकाळी पाच, रविवारी बंद. आमच्या बाजूचा झरोका विटांनी बुजवायचा. धूळ ओढून पिशवीत जमा करणारा पंखा महिन्याच्या आत बसवायचा, नाही तर यंत्र थांबवायचं. पंखा तीन आठवड्यांत लागला. पुढे आम्ही दोघांनी त्याच अटींवर तडजोडीच्या पुरसिसवर, म्हणजे कोर्टात द्यायच्या लेखी निवेदनावर, सह्या केल्या आणि तसा हुकूमनामा झाला. यंदाच्या एप्रिलमध्ये मी माझं तीन किलो तिखट त्याच्याकडेच कांडून घेतलं.

हे सगळं एवढ्यासाठी सांगितलं की दिवाणी न्यायालयाने जे केलं ते दुसऱ्या कोणाला करताच आलं नसतं. पोलिसांनी फार तर यंत्र बंद पाडलं असतं किंवा काहीच केलं नसतं. सार्वजनिक उपद्रवाला १८६० च्या भारतीय दंड संहितेत २०० रुपयांपर्यंत दंड होता, १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत कलम २९२ खाली तो १००० रुपयांपर्यंत झाला. सीझनमध्ये तेवढा दंड कोणीही रोज भरेल. आणि धूळ फक्त आमच्याच घरात येत असेल तर तो सार्वजनिक उपद्रवही नाही. ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांत राहत्या वस्तीला दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा आहे, पण दुकानं-घरं एकत्र असलेल्या आमच्यासारख्या गल्लीला कोणता आकडा लावायचा यावरच घोळ, आणि धुळीला तर डेसिबल नसतातच. एका बाजूला माणसाचं पोट, दुसऱ्या बाजूला दुसऱ्याचा श्वास, यात तास, झरोका, पंखा असं मोजून मापून देणारी जागा एकच आहे. ती सिव्हिल लाइन्समध्ये आहे आणि तुम्ही तिथे रोज जाता.

तुमची अडचण मला दिसते. हा कायदा कुठल्या एका पुस्तकात कलमवार लिहिलेला नाही. फ्रेडरिक पोलॉक यांनी भारत सरकारसाठी १८८६ मध्ये दिवाणी अपकृत्यांचं विधेयक तयार केलं होतं, ते कधी मंजूरच झालं नाही. त्यामुळे निकाल शोधावे लागतात, ते पटवावे लागतात, भरपाईच्या रकमाही आपल्याकडे लहान. अपघाताच्या दाव्यांत जशी ठरलेली वाट आहे तशी इथे नाही. पण वाट चालल्यानेच पडते ना? तुम्ही दावेच आणले नाहीत तर निकाल कुठून येणार, आणि निकाल नाहीत म्हणून पुढचा वकील दावा परत पाठवणार.

याची किंमत या देशाने एकदा फार मोठी मोजली आहे. १९८४ च्या भोपाळ वायुकांडानंतर आपल्या सरकारने खटला अमेरिकेत नेला. तिथे आपल्याच बाजूने सांगितलं गेलं की भारतात अपकृत्याचा कायदा पुरेसा विकसित झालेला नाही, म्हणून न्याय इथेच करा. आपल्याच माणसांसाठी आपल्या कोर्टांवर भरवसा नाही असं परक्या न्यायाधीशापुढे म्हणावं लागलं. त्या न्यायाधीशांनी १९८६ मध्ये प्रकरण भारतात परत पाठवलं आणि १९८९ मध्ये ४७ कोटी डॉलरवर तडजोड झाली. त्याच सुमारास, १९८६ च्या डिसेंबरात, दिल्लीतल्या ओलियम वायुगळतीच्या प्रकरणात आपल्या सर्वोच्च न्यायालयाने इंग्लंडच्या १८६८ च्या नियमाच्या (धोक्याची वस्तू सुटून नुकसान झालं तर ती बाळगणारा जबाबदार, पण काही सबबी चालत) पुढे जाऊन सांगितलं की घातक उद्योग करणाऱ्याची जबाबदारी निरपवाद आहे, त्याला कोणतीही सबब नाही. म्हणजे आपल्या न्यायालयांना हे येतं. पण एवढी मोठी आपत्ती यायची वाट पाहून हा कायदा चालत नाही, तो मिरचीच्या धुळीवर, गटाराच्या पाण्यावर, शेजारच्या जनरेटरवर रोज चालवावा लागतो.

आणि एकट्यादुकट्याचं जाऊ द्या. रिंग रोडच्या दोन्ही बाजूंना लग्नाचे लॉन आहेत. लग्नसराईत तिथल्या डीजेने शेजारच्या घरातली बारावीची मुलं रात्ररात्र जागी असतात. माझ्या ओळखीत अशी पाच घरं आहेत, सगळी ११२ वर फोन करतात. गाडी येते, आवाज कमी होतो, गाडी जाते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९१ मध्ये १९७६ साली दुरुस्ती झाली आणि तेव्हापासून दोन किंवा अधिक माणसं न्यायालयाच्या परवानगीने सार्वजनिक उपद्रवाविरुद्ध दावा करू शकतात, स्वतःचं वेगळं नुकसान दाखवायची गरज नाही. दोन माणसं! या पाच घरांपैकी एकालाही हे कोणी सांगितलेलं नाही. तसंच गटारांचं. १९८० मध्ये रतलामच्या एका वॉर्डातल्या लोकांसाठी सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी निकाल दिला की पैसे नाहीत ही नगरपालिकेची सबब चालणार नाही. तो मार्ग दंडाधिकाऱ्यांचा होता, आताच्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ चा. तोही तुमच्याच हातातला आहे.

मला तुमच्याकडून काय हवं आहे ते साधं आहे. अशी माणसं ऑफिसात आली तर त्यांना "आपसात मिटवा" म्हणून पाठवू नका. ती आपसात बोलून, हरून आलेली असतात. दावा बसत नसेल तर का बसत नाही ते सांगा. निशाणी ५ काय असते ते समजावा, कारण "दिवाणीत वर्षं जातात" हे अर्धंच सत्य आहे; माझा उन्हाळा त्या एका अर्जाने वाचला. फी घ्या. आम्ही फुकट मागत नाही, मी माझ्या वकिलांची फी आनंदाने दिली.

पण ज्यांना देता येत नाही त्यांना विधी सेवा प्राधिकरणाचं दार दाखवा. १९८७ च्या कायद्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळू शकतो. पहिले दोन उन्हाळे मी ज्या तीन वकिलांकडे गेले त्यांपैकी कोणीही ही गोष्ट मला सांगितली नाही. ते कार्यालय जिल्हा न्यायालयाच्या आवारातच होतं. मी त्याच्या दारावरून तीन वेळा गेले होते.

तुमच्यातले जे कॉलेजात शिकवतात त्यांना वेगळी विनंती. अपकृत्याचा पेपर पहिल्या वर्षाला असतो म्हणे. मुलांना एकदा इतवारीत न्या, एकदा धंतोलीत, जिथे इतके दवाखाने आहेत, आणि विचारा की या गल्लीत कोणाचा कोणावर दावा होऊ शकतो. स्टर्जेस विरुद्ध ब्रिजमन त्यांना मग जन्मभर विसरता येणार नाही.

माझ्या दाव्याची अर्जी साडेचार पानांची आहे, मराठीत. नावं आणि पत्ते झाकून मी तिच्या, निशाणी ५ च्या अर्जाच्या आणि कमिशनरच्या अहवालाच्या वीस झेरॉक्स काढून घेतल्या आहेत. माझ्या वकिलांची आणि शेजाऱ्याचीही त्याला संमती आहे. ज्यांना नमुना म्हणून हव्या असतील त्यांच्यासाठी त्या माझ्या वकिलांच्या टेबलावर ठेवलेल्या आहेत. आतापर्यंत चार गेल्या.

आपली नम्र,
एक पक्षकार
महाल, नागपूर